सातवा मेहुणा

तिच्या टेबलावर सात जाडजूड पुस्तकं कायम उघडी पडलेली असायची. प्राचीन हिब्रू स्तोत्रांवर वेगवेगळ्या शतकांत सात विद्वानांनी लिहिलेले हे सात टीकाग्रंथ. नवरा त्यांना ‘माझे मेहुणे’ म्हणायचा.

"लग्न झालं तेव्हा तुला एकही भाऊ नव्हता," तो आल्यागेल्याला ऐकवायचा. "मी म्हटलं, चला, सुटलो. आता बघतो तर सात! सातही जण जेवणाच्या टेबलावर ठाण मांडून बसलेत आणि एकाचं दुसऱ्याशी पटत नाही."

पटत नव्हतं हे खरंच होतं. पहिला मेहुणा भाविक, दुसरा त्याला भोळसट ठरवणारा. तिसरा दुसऱ्याचं मत मोठ्या आदरानं पानभर मांडायचा आणि शेवटच्या ओळीत त्याची पार वाट लावायचा. सातवा सगळ्यांत तुसडा. त्याचा ग्रंथ एकशे दहा वर्षांपूर्वी छापलेला, बांधणी खिळखिळी झालेली, आणि भाषा इतकी कोरडी की वाचताना घशाला शोष पडावा. पण चूक म्हणून कधी करायचा नाही. बाकीचे सहा अडले की ती निमूटपणे सातव्याकडे जायची.

कॉलेजात तिनं जुन्या भाषा शिकवल्या होत्या. निवृत्तीनंतर, विद्यार्थ्यांना ही स्तोत्रं टीकाग्रंथांच्या आधारानं कशी अभ्यासावीत हे दाखवणारं एक पुस्तक तिनं लिहायला घेतलं आणि त्यात नऊ वर्षं गेली. रीत ठरलेली होती. मूळ ओळ तीनदा मोठ्यानं वाचायची. मग सातही जणांकडे वयाच्या क्रमानं जायचं, प्रत्येकाचं म्हणणं एकेका कार्डावर उतरवायचं. आठवं कार्ड स्वतःच्या मतासाठी. ते बहुतेक वेळा कोरंच राहायचं. एवढ्या थोरामोठ्यांत आपण काय तोंड उघडायचं, असं तिला मनापासून वाटायचं.

नऊ वर्षांत एकदाच तिनं तोंड उघडलं होतं. अकरा ओळींचं एक विलापस्तोत्र आहे. पहिल्या आठ ओळींत अंथरुणाला खिळलेला माणूस स्वतःबद्दल बोलतो. शेवटच्या तीन ओळींत मात्र कुणी दुसरंच त्याच्याबद्दल बोलू लागतं आणि त्याच्यासाठी आणखी थोडे दिवस मागतं. हे बोलणारं कोण? एक मेहुणा म्हणतो पुजारी, एक म्हणतो गायकांचा मेळा, एक म्हणतो जिवलग मित्र. सातव्यानं एका वाक्यात हात झटकले होते: ‘वक्ता कोण, हे ठरवता येत नाही.’

तिनं आठव्या कार्डावर लिहिलं, त्याची बायको. कारण बोलणाऱ्याला तो झोपेत कोणत्या कुशीवर वळतो ते माहीत आहे. त्याच्या उशाच्या भांड्यात किती पाणी उरलंय ते माहीत आहे. तीन वर्षांपूर्वी नवऱ्याला हृदयाचा झटका आला होता, तेव्हा दवाखान्यातल्या लोखंडी खुर्चीवर तिनं बारा दिवस काढले होते. पुजाऱ्याचं लक्ष पाण्याच्या भांड्याकडे जात नाही हे तिला त्या खुर्चीत कळलं होतं. ही सूचना हस्तलिखितात वाचून संपादकांनी फोन करून सांगितलं, "बाई, अख्ख्या पुस्तकात ही गोष्ट तुमची स्वतःची आहे. याच्यासाठी लोक पुस्तक घेतील." ती दोन दिवस हवेत होती.

आता शेवटची प्रुफं आली होती आणि ती शुक्रवारी परत पाठवायची होती.

प्रुफं तपासताना नवरा मोठ्यानं वाचायचा आणि ती समोर बसून हस्तलिखितावर बोट ठेवायची. तो जमीन मोजणी खात्यातून निवृत्त झालेला. मोजणीच्या वेळी एकानं आकडा ओरडायचा आणि लिहिणाऱ्यानं ‘हं’ म्हटल्याशिवाय पाऊल पुढे टाकायचं नाही, ही त्याची उभ्या जन्माची शिस्त. तीच त्यानं इथे आणली. स्वल्पविराम, पूर्णविराम, कंस, सगळं तोंडानं म्हणायचं, वाक्य संपलं की थांबायचं. तिनं ‘हं’ म्हटलं की पुढे. एकदा ती गॅस बंद करायला उठली आणि ‘हं’ म्हणायची विसरली, तर हा चार मिनिटं पानावर बोट ठेवून बसून राहिला होता.

बुधवारी सकाळी नऊच्या सुमारास ते ऋणनिर्देशाच्या पानावर आले.

"‘शेवटी’, स्वल्पविराम, ‘माझे पती’, कंस, ध, टिंब, स्मृ, टिंब, कंस पूर्ण, ‘यांनी हे सर्व लिखाण मला वाचून दाखवले’, पूर्णविराम."

‘हं’ तिच्या ओठांवर आला आणि तिथेच राहिला.

‘ध. स्मृ.’ म्हणजे धन्य स्मृती. हिब्रू ग्रंथांत दिवंगत विद्वानाच्या नावापुढे, त्याची स्मृती धन्य असो अशा अर्थाची, संक्षिप्त अक्षरं घालतात. ती रीत तिनं आपल्या पुस्तकात उचलली होती. पुस्तकात आलेली माणसं जवळजवळ सगळीच कधीची मातीला मिळालेली, त्यामुळे नऊ वर्षांत तिच्या हातून हे चिन्ह हजारदा तरी लिहिलं गेलं असेल.

नवऱ्यानं चष्मा नाकावर खाली ओढला. "म्हणजे मी गेलो की काय? अगं, निदान सांगायचंस तरी! मी इथे सकाळी दाढीबिढी करून बसलोय."

"छापखान्याची चूक आहे."

"हस्तलिखितात बघ."

तिनं बघितलं. तिचीच निळी शाई होती, अक्षराचं उजवीकडे कलणं तिचंच होतं. हे पान तिनं छापखान्यात देण्याआधी चार वेळा वाचलं होतं.

"हाताला वळण पडलं, दुसरं काय," तो हसत म्हणाला. "आमच्याकडे एक कारकून होता. बायकोला पत्र लिहिलं तरी खाली ‘नक्कल माहितीसाठी सादर’ लिहायचा." तो इतका हसला की त्याला ठसका लागला. तिला मात्र हसू येईना. मेल्या माणसांच्या यादीत आपण आपल्या हातानं नवऱ्याला बसवलं, ही लाज तिच्या कानांपर्यंत चढली होती. तिनं पांढऱ्या शाईची बाटली आणली, हस्तलिखितातलं चिन्ह पुसून काढलं, वर फुंकर मारली आणि प्रुफात लाल पेन्सिलीनं काट मारली.

"झालो जिवंत?" त्यानं विचारलं.

"वाचा पुढे."

चार वाजता चहा झाल्यावर ती संदर्भांचे पृष्ठांक ताडून बघायला बसली. हे काम एकटीचं. विलापस्तोत्राचं सातवं कार्ड तिनं काढलं. त्यावर लिहिलं होतं, ‘पान दोनशे चौदा. एकच वाक्य.’

पान दोनशे चौदावर एक वाक्य नव्हतं. अर्ध्या पानाची टीप होती.

पुस्तक तेच होतं. कोपऱ्यावरचा तिच्याच चहाचा डाग तोच होता. छपाईही तीच, जुनी आणि किंचित वाकडी. तिनं टीप वाचायला घेतली. नवीन भाषा शिकणाऱ्यानं लावावा तसा एकेक शब्द लावत गेली, कारण अर्थ डोक्यात शिरत नव्हता.

‘शेवटच्या तीन ओळी रुग्णाच्या पत्नीच्या आहेत, असे एका वाचिकेचे मत आहे. मत ग्राह्य आहे. तिने ते प्रथम आपल्या पतीस सांगितले. तो तेव्हा खिडकीशी उभा राहून बुटाच्या नाडीची गाठ सोडवत होता.’

‘पतीस’ या शब्दापुढे धन्यस्मृतीची अक्षरं होती.

पहिला विचार आला तो चिडीचा: कुणीतरी थट्टा करतंय. पण एकशे दहा वर्षांपूर्वीच्या कागदात थट्टा छापणार कोण, आणि कशी? ती उठून आतल्या खोलीच्या दारात गेली. नवरा पेन्सिलींना टोकं करत बसला होता.

"अहो, ते बायकोचं... स्तोत्रातल्या बायकोचं मी तुम्हाला पहिल्यांदा सांगितलं ना, तेव्हा तुम्ही काय करत होतात?"

"फिरून आलो होतो. नाडीला गाठ बसली होती. तू एवढी आनंदात होतीस की मला खाली बसूसुद्धा दिलं नाहीस." त्यानं वर बघितलं. "का गं?"

"काही नाही."

"चेहरा का असा झालाय?"

"डोळे दुखताहेत," ती म्हणाली. त्याला सातव्याची भाषा येत नव्हती, म्हणून पुस्तक दाखवण्यात अर्थ नव्हता. आणि सांगावं तर सांगायचं काय?

"मी जरा खाली टपाल बघून येतो," म्हणून तो चपला घालून बाहेर पडला. तिसऱ्या मजल्यावरचं घर. त्याची पावलं जिन्यावरून खाली जाईपर्यंत ती टेबलाशी उभी राहिली. मग तिनं ग्रंथालयात फोन लावला. ग्रंथपाल तिचा जुना विद्यार्थी. ही भाषा तिनंच त्याला शिकवली होती, आणि सातव्याच्या ग्रंथाची दुसरी प्रत त्याच्याकडे होती.

"पान दोनशे चौदा," ती म्हणाली. "टीप वाचून दाखव. अर्थ सांगत जा."

"धरा हं, बाई." कपाट उघडल्याचा आवाज आला, मग पानं उलटल्याचा. "हं, मिळालं. मोठी टीप आहे." तो सावकाश, हजेरी घ्यावी तशा आवाजात वाचू लागला. एक वाचिका. मत ग्राह्य. पती. खिडकी. नाडीची गाठ.

"बस, पुरे," ती म्हणाली. तिला खुर्ची सापडत नव्हती.

"अजून आहे ना पुढे. ‘तिने ते चिन्ह पांढऱ्या शाईने पुसले. पुसल्याने चूक दुरुस्त होते. ही चूक नव्हती.’ हा माणूस एरवी इतका रुक्ष, आणि इथे काय सुटलाय बघा! ‘त्याला आता जिना चढवत नाही. तो दुसऱ्या वळणावर थांबला आहे.’ बाई, मूळ स्तोत्रात जिना आहे का हो?"

तिनं फोन तसाच टाकला आणि दार उघडलं.

जिन्यावर पावलं वाजत नव्हती.

तो दुसऱ्या वळणावर कठड्याला धरून उभा होता. हातात दोन पाकिटं होती. कपाळ घामानं चमकत होतं.

"काही नाही गं," तो वर बघत म्हणाला. "जरा छातीत भरून आल्यासारखं झालं. उभा राहिलो."

तिनं त्याला काखेत हात घालून वर आणलं, आतल्या पलंगावर निजवलं, जिभेखाली गोळी दिली. डॉक्टर गल्लीच्या टोकालाच राहायचे. फोनवर ते म्हणाले, "अर्ध्या तासात पोचतो. तोवर त्यांना हलू देऊ नका."

अर्धा तास. ती टेबलाशी आली. पुस्तक फाडावं, जाळावं, असं मनात आलं. पण ग्रंथालयात दुसरी प्रत होती, आणि जगात आणखी किती असतील कोण जाणे. टीकाकाराशी भांडायचं तर त्याच्याच रीतीनं, लेखी. ती रीत तिला पाठ होती: मत मांडणाऱ्यानंच ते मागे घेतलं की पुढचे टीकाकार ते धरत नाहीत, मतच नव्हतं असं समजून चालतात. सातव्याची ही सगळी टीप तिच्या मतावर उभी होती. मतच काढून घेतलं तर?

नऊ वर्षांत एकच गोष्ट तिची स्वतःची होती. तिनं त्या विचारावर एक पळसुद्धा घालवलं नाही.

तिनं आठवं कार्ड फाडलं. प्रुफातला तो अख्खा परिच्छेद लाल पेन्सिलीनं उभा-आडवा खोडला आणि समासात लिहिलं:

‘शेवटच्या तीन ओळी पत्नीच्या तोंडी आहेत, ही माझी सूचना मी मागे घेते. या स्तोत्रात पत्नी कुठेही नाही.’

खाली सही केली, तारीख घातली.

मग तिनं पान दोनशे चौदा उघडलं.

अर्ध्या पानाची टीप नव्हती. दोनच वाक्यं होती. वाचिका नव्हती, पती नव्हता, ते चिन्ह नव्हतं. तिला हुंदका फुटला. वाक्यं कार्डावरच्यासारखी नव्हती हे तिच्या लक्षात आलं, पण आत्ता त्याचं तिला काही वाटलं नाही. तिथे लिहिलं होतं, ‘या तीन ओळीही रुग्णाच्याच आहेत. त्याच्याजवळ कोणी नाही.’

डॉक्टर आले तेव्हा दार उघडंच होतं. ते सरळ आत गेले. नाडी बघितली, छाती तपासली, हृदयाच्या आलेखाच्या पट्ट्या काढून बघितल्या.

"घोडा आहे घोडा," ते म्हणाले. "काही झालेलं नाही. पण या वयात जरा सांभाळा. जेवणाखाण्याचं काय करता?"

"करतो काहीबाही," नवरा म्हणाला.

दारात उभी राहून ती हे ऐकत होती. नऊ वर्षं मेहुण्यांच्या नादात आपण याला उरलंसुरलं खायला घातलं, त्यावरून दोघांनी मिळून आपल्याला टोमणा मारला, असं तिला वाटलं. एरवी ती उलटून बोलली असती. आज तिला तो टोमणाही गोड लागला. डॉक्टर तिच्या अंगावरून निघून गेले, तिनं ‘थँक्यू’ म्हटलं ते त्यांना ऐकू गेलं नसावं.

रात्रभर तो शांत झोपला.

गुरुवारी सकाळी ती उठून बाहेर आली तेव्हा तो आंघोळ करून टेबलाशी बसलाही होता. चहा त्यानंच केला होता, एक कप. घाईत राहिला असेल, ती मनाशी म्हणाली. त्याचा रंग चांगला दिसत होता. तिला ते बघूनच पोट भरल्यासारखं झालं.

सातही पुस्तकं मिटून भिंतीशी रचून ठेवलेली होती. नऊ वर्षांत पहिल्यांदा टेबल मोकळं दिसलं.

"अहो, मेहुण्यांना उठवलंत वाटतं?" ती हसून म्हणाली.

तो चष्मा पुसत होता.

उरलं होतं फक्त शीर्षकपृष्ठ. ती आपल्या खुर्चीत बसली. हस्तलिखित त्यानं स्वतःच्याच पुढ्यात घेतलं होतं, प्रुफाला लागून. तिनं हात पुढे केला. त्यानं दिलं नाही.

त्यानं घसा साफ केला आणि मोठ्यानं वाचायला सुरुवात केली. पुस्तकाचं नाव वाचलं. उपशीर्षक वाचलं. मग लेखिकेचं म्हणून तिचं नाव वाचलं, पूर्ण, आडनावासकट.

"कंस," तो म्हणाला. "ध, टिंब, स्मृ, टिंब, कंस पूर्ण."

तो हसला नाही.

हस्तलिखितावर तिला उलटं दिसत होतं. तिच्या नावापुढे ती अक्षरं होती, काळ्या शाईत, सरळ उभ्या, मोजणीदाराच्या वळणात. त्याच्या वळणात. शाई जुनी, वाळून तपकिरी पडलेली होती.

"अहो," ती म्हणाली.

तो थांबला होता. वाक्य संपलं की थांबायचा तसाच, पानावर बोट ठेवून. ती जीव खाऊन ओरडली, "हं! हं! अहो, हं!"

त्यानं बोट हस्तलिखितावरच्या त्या ओळीवर नेलं, पुन्हा प्रुफावर आणलं, दोन्ही जुळतात का ते बघितलं.

"हं," तो स्वतःशीच म्हणाला, आणि पान उलटलं.